कोकणच्या उकाड्यात फिल्म धुताना: डेव्हलपर किती पातळ करायचा, आणि का

ब्लॅक अँड व्हाइट फिल्मच्या कुठल्याही माहितीपत्रकात डेव्हलपिंगची (फिल्मवर टिपलेलं चित्र डेव्हलपर या रसायनात उमटवण्याची, म्हणजेच फिल्म धुण्याची) मुख्य वेळ दिलेली असते ती २० अंश सेल्सियसची. आमच्या घरामागच्या विहिरीचं पाणी जवळजवळ वर्षभर २६-२७ अंशांवर असतं. छपरावरच्या काळ्या टाकीतलं पाणी मे महिन्याच्या दुपारी ३५च्या पुढे जातं. पौषात रात्रभर पडवीत ठेवलेली कळशी पहाटे २२-२३पर्यंत उतरते, तीच काय ती आमची थंडी. हर्णै-मुरुडच्या बाजूला राहणाऱ्या माणसाला २० अंशांचं पाणी बर्फाशिवाय मिळत नाही.

पहिल्या उन्हाळ्यात मी हर्णै बंदरावरच्या मासळीच्या लिलावाचा एक रोल घालवला. घरातला बर्फ संपला होता, डेव्हलपर २९ अंशांवर होता. तक्त्यावरून हिशोब केला तर वेळ आली तीन मिनिटं दहा सेकंद. मी स्टॉक, म्हणजे पातळ न केलेला मूळ डेव्हलपर, तसाच टँकमध्ये, म्हणजे फिल्म धुण्याच्या उजेडबंद डब्यात ओतला. टँक भरायला आणि रिकामा करायलाच मिळून वीस-पंचवीस सेकंद जातात, म्हणजे रोलचा एक भाग दुसऱ्यापेक्षा बराच जास्त वेळ डेव्हलपरमध्ये राहिला. फिल्म सुकल्यावर पाहिलं तर फिल्मच्या कडेच्या भोकांच्या ओळीतून गडद पट्टे चित्रात उतरले होते आणि पापलेटांच्या राशी निगेटिव्हवर (तिथे उजेड काळा दिसतो) इतक्या काळ्या झाल्या होत्या की त्यांतला एकही खवला प्रिंटमध्ये आणता आला नाही.

त्या रोलने जे शिकवलं त्यावरच हा लेख आहे. डेव्हलपर गरम झाला की तो घाईने काम करतो आणि आपल्या हातातली वेळ कमी होते. पाच मिनिटांपेक्षा कमी वेळात फिल्म सगळीकडे सारखी धुवून निघणं अवघड, हे कोडॅकही आपल्या माहितीपत्रकांत सांगते. डेव्हलपरमध्ये पाणी वाढवलं की तो सावकाश काम करतो आणि गेलेली वेळ परत मिळते. म्हणून किनाऱ्यावर राहणाऱ्यांनी सगळा जोर बर्फावर न लावता डायल्यूशनवर, म्हणजे पातळ करण्यावर लावावा. तापमान २४ ते २६च्या दरम्यान कुठेतरी स्थिर धरायचं आणि डेव्हलपर पातळ वापरायचा. ज्याच्या घरात कोकमाचं आगळ आहे त्याला यातलं तत्त्व वेगळं समजवावं लागत नाही.

डेव्हलपर कोणता घ्यावा

नवीन माणसाने इल्फर्डचा आयडी-११ किंवा कोडॅकचा डी-७६ घ्यावा. दोन्ही पावडरीत येतात आणि स्वभावाने जवळजवळ एकच आहेत. डी-७६ हे सूत्र १९२०च्या दशकात सिनेमाच्या फिल्मसाठी तयार झालं आणि ते आजही चालतं, कारण ते पातळ केलं तरी समंजसपणे वागतं. एक लिटर डी-७६मध्ये २ ग्रॅम मेटॉल, १०० ग्रॅम निर्जल सोडियम सल्फाइट, ५ ग्रॅम हायड्रोक्विनोन आणि २ ग्रॅम बोरॅक्स असतं. ज्यांना पाकीट मिळत नाही ते रसायनांच्या दुकानातून ही चार द्रव्यं आणून घरी मिसळू शकतात. मात्र ग्रॅमच्या दशांशापर्यंत मोजणारा काटा हवा, आणि मेटॉल नेहमी सल्फाइटच्या आधी विरघळवायचं. सल्फाइट आधी पडलं तर मेटॉल नीट विरघळत नाही. मेटॉलने काही जणांच्या हाताला पुरळ उठतं, तेव्हा हातमोजे घातल्याशिवाय सुरुवात करू नका.

दुसरा पर्याय रोडिनल. आग्फाने तो १८९१मध्ये बाजारात आणला. तो द्रवरूप आहे, बाटली उघडल्यावरही वर्षानुवर्षं टिकतो आणि अगदी थोडा लागतो. महिन्याला एखादाच रोल धुणाऱ्याला दमट हवेत पावडरीपेक्षा तो सोयीचा. त्याने फिल्मचा दाणा, म्हणजे चित्रातले बारीक कण, जास्त उठून दिसतो. मला जाळ्यांच्या आणि जांभ्या चिऱ्याच्या चित्रांत तो आवडतो, माणसांच्या चेहऱ्यावर नाही. या लेखातले आकडे मुख्यतः आयडी-११चे आहेत. डी-७६ची रीत तीच, पण त्याच्या वेळा त्याच्या माहितीपत्रकातून घ्या.

पाणी

जांभ्यातल्या विहिरींचं पाणी बहुतेक ठिकाणी मऊ असतं, त्यामुळे स्टॉक आणि धुणं दोन्हींना ते चालतं. अडचण दोन वेळा येते. एप्रिल-मेमध्ये खाडीजवळच्या विहिरी मचूळ होतात, आणि पहिल्या पावसानंतर पाणी गढूळ येतं. जिभेला खारट लागणारं पाणी डेव्हलपरमध्ये घालू नका. तांबूस गढूळ पाण्यात लोह असू शकतं, आणि लोह-तांब्याचा अंश डेव्हलपर लवकर खराब करतो. तांब्याच्या कळशीत किंवा हंड्यात ठेवलेलं पाणी म्हणूनच यासाठी घेऊ नये, आणि डेव्हलपर तांब्या-पितळेच्या भांड्यात मुळीच कालवू नये. स्टीलचं पातेलं किंवा प्लास्टिकचा मोजपेला घ्यावा, आणि एकदा या कामाला लागलेलं भांडं पुन्हा स्वयंपाकघरात नेऊ नये.

शंका असली तर स्टॉकसाठी आणि शेवटी फिल्म खळबळण्यासाठी डिस्टिल्ड पाणी आणा. गॅरेजमध्ये बॅटरीसाठी ते कॅनमध्ये मिळतं. घेताना कॅनवरचं लेबल वाचून घ्या, कारण तशाच कॅनमध्ये बॅटरीचं अॅसिडही असतं.

स्टॉक तयार करणे

आयडी-११च्या एक लिटरच्या खोक्यात दोन पुड्या असतात. साधारण ७५० मिलिलिटर पाणी ४० अंशांपर्यंत कोमट करा. अ पुडी थोडी थोडी घालत ढवळा. ती पूर्ण विरघळली, तळाशी काठी लावल्यावर कचकच लागेनाशी झाली, की मगच ब पुडी. मग पाणी घालून बरोबर एक लिटर करा. काठीने जोरात घुसळू नका, त्याने हवा आत जाते. डी-७६च्या पाकिटाला जास्त गरम पाणी लागतं, ५० ते ५५ अंश. दोन्हींना रात्रभर थांबू द्या आणि दुसऱ्या दिवशी वापरा.

पाकिटातली अर्धी पावडर आज आणि अर्धी पुढच्या महिन्यात, असं कधी करू नका. पुडीत द्रव्यं सारखी मिसळलेली असतील याची खात्री नसते, आणि फोडलेल्या पुडीला आमच्या हवेत दोन दिवसांत गुठळ्या होतात.

काठोकाठ भरून बूच घट्ट लावलेल्या बाटलीत स्टॉक सहा महिने टिकतो. अर्ध्या भरलेल्या बाटलीत महिनाभर धरा, आणि उन्हाळ्यात त्यावरही विसंबू नका. मी एक लिटर स्टॉक औषधाच्या दुकानातून आणलेल्या २५० मिलिलिटरच्या चार तपकिरी बाटल्यांत काठोकाठ भरते. बाटली अर्धी संपली की आत काचेच्या गोट्या टाकून पातळी पुन्हा गळ्यापर्यंत आणते. स्टॉकचा रंग चहासारखा झाला की तो संपला असं समजून टाकून द्या. रोडिनलचं तसं नाही, तो काळपट झाला तरी काम करतो.

एक गोष्ट कळकळीने सांगते. आपल्याकडे घरोघरी सरबताच्या रिकाम्या बाटल्या पुन्हा वापरायची सवय आहे. डेव्हलपर अमृत कोकमाच्या बाटलीत भरू नका, लेबल लावूनसुद्धा नको. दुपारी उन्हातून आलेलं पोर लेबल वाचत बसत नाही, आणि हायड्रोक्विनोन पोटात जाणं हा गंभीर प्रकार आहे.

१+१, १+३ म्हणजे नक्की काय

पहिला आकडा स्टॉकचा, दुसरा पाण्याचा. १+३ म्हणजे एक भाग स्टॉक आणि तीन भाग पाणी, एकूण चार भाग. तीन भागांतला एक भाग स्टॉक असा अर्थ घेतला तर मिश्रण १+२ होतं आणि फिल्म जास्त धुतली जाते. कोडॅकच्या कागदांवर हेच १:१ असं लिहितात, अर्थ तोच.

किती मिश्रण लागेल ते टँकच्या बुडावर लिहिलेलं असतं. पॅटरसनच्या टँकमध्ये ३५ मिमीच्या एका रोलला २९० मिलिलिटर, १२०च्या (जास्त रुंद) रोलला ५०० मिलिलिटर. मी ३५ मिमीला ३०० धरते. मग १+१ म्हणजे १५० स्टॉक आणि १५० पाणी. १+३ म्हणजे ७५ स्टॉक आणि २२५ पाणी.

इथे एक खाच आहे. फिल्म धुवायला ठरावीक द्रव्य लागतंच, पाणी कितीही घातलं तरी. आयडी-११च्या एका लिटर स्टॉकमध्ये दहा रोल धुता येतात असं इल्फर्ड सांगते, म्हणजे रोलमागे निदान १०० मिलिलिटर स्टॉक हवा. १+३ करताना ३०० मिलिलिटरच्या टँकमध्ये फक्त ७५ पडतो, तो अपुरा. चित्रातला उजेडाचा भाग जास्त असेल तर डेव्हलपर मध्येच थकतो आणि निगेटिव्ह फिकी येते. उपाय सोपा आहे. दोन रिळांचा टँक घ्या, खाली फिल्मचं रीळ आणि वर रिकामं रीळ ठेवा, म्हणजे खालचं वर सरकत नाही. १५० स्टॉक आणि ४५० पाणी असं ६०० मिलिलिटर घाला. एका रोलला मोठा टँक लागतो खरा, पण १+३ची खरी चव त्यातच कळते.

रोडिनलचं मोजमाप आणखी जपून. १+५०चं ३०० मिलिलिटर करायला सहा मिलिलिटर रोडिनल आणि २९४ पाणी. हे मोजपेल्याने जमत नाही. औषधाच्या दुकानातली सुई नसलेली दहा मिलिलिटरची सिरिंज वापरा. रोडिनल दाटसर असतो, सिरिंजच्या आत चिकटून राहतो, तेव्हा त्याच पाण्यात सिरिंज दोन-तीनदा भरून सोडा. रोलमागे पाच मिलिलिटरच्या खाली जाऊ नका.

पातळ केलेला डेव्हलपर एकदाच वापरायचा आणि टाकून द्यायचा. तो साठवून ठेवण्यात अर्थ नाही.

वेळ

इल्फर्डच्या तक्त्यात २० अंशांना ४ मिनिटं असलेली वेळ २३ अंशांना ३ मिनिटं होते. याच प्रमाणाने एचपी५ प्लस ही इल्फर्डची फिल्म, ४०० आयएसओवर (आयएसओ म्हणजे फिल्मच्या प्रकाश-संवेदनशीलतेचा आकडा) काढलेला रोल आणि आयडी-११ घेऊन मी हे आकडे मांडले आहेत. २० अंशांच्या वेळा कंपनीच्या, बाकीच्या हिशोबाने काढलेल्या:

स्टॉक तसाच: २० अंशांना ७ मि. ३० से., २४ला ५ मि. १० से., २६ला ४ मि. १५ से., २७ला ३ मि. ५० से.
१+१: २० अंशांना १३ मि., २४ला ८ मि. ५० से., २६ला ७ मि. २० से., २७ला ६ मि. ४० से.
१+३: २० अंशांना २० मि., २४ला १३ मि. ४० से., २६ला ११ मि. १५ से., २७ला १० मि. १५ से.

विहिरीच्या पाण्याने, म्हणजे २६ अंशांना, स्टॉक हाताबाहेर जातो, १+१ चालतं, आणि १+३ला सव्वाअकरा मिनिटं आरामात मिळतात. शीत प्रदेशात १+३ची वीस मिनिटं माणसाला कंटाळवाणी वाटतात. आपल्याला तीच सोयीची आहेत.

इल्फर्डच्याच एफपी४ प्लस फिल्मला १२५ आयएसओवर २० अंशांना स्टॉकमध्ये साडेआठ, १+१मध्ये अकरा आणि १+३मध्ये वीस मिनिटं. एचपी५ प्लसला रोडिनल १+५०मध्ये अकरा मिनिटं, ती २४ अंशांना साडेसात होतात. कोडॅक ट्राय-एक्सला डी-७६मध्ये स्टॉकला पावणेसात आणि १+१ला पावणेदहा मिनिटं, दोन्ही २० अंशांना.

२७च्या वर मी जात नाही. तिथून पुढे जिलेटिनचा थर फुगून मऊ होतो, नखाचा ओरखडाही उमटतो, आणि हायड्रोक्विनोन जास्त जोर करू लागल्याने काळ्या-पांढऱ्यातलं अंतर वाढतं. पाणी त्याहून गरम असेल तर तेवढ्यापुरता बर्फ घ्या. पस्तीसवरून २६वर येणं आणि पस्तीसवरून २०वर येणं यांत बर्फाचा केवढा फरक पडतो ते एकदा करून पाहा.

माठाच्या भरवशावर राहू नका. देशावर कोरड्या हवेत माठ पाणी चांगलंच गार करतो. किनाऱ्यावर हवेतच एवढा दमटपणा की माठ पाझरतो पण सुकत नाही, त्यामुळे तीन-चार अंशांपलीकडे फरक पडत नाही.

बर्फ मात्र मासळीच्या गावात मुबलक. हर्णैला लादी मिळते, नसेल तर घरच्या फ्रीजमध्ये पाण्याच्या बाटल्या गोठवा. बर्फ नेहमी बाहेरच्या घमेल्यात टाकायचा, डेव्हलपरमध्ये कधीच नाही. आत विरघळला की तुमचं १+१ किती झालं ते कुणालाच सांगता येणार नाही, आणि बंदरावरच्या बर्फात मीठ आणि घाण असते ती वेगळीच.

थर्मामीटर खरं बोलतो का ते आधी तपासा. घरातला तापाचा थर्मामीटर आणि फिल्मचा थर्मामीटर दोन्ही ३८ अंशांच्या आसपासच्या कोमट पाण्यात एकत्र धरा. तापाच्या थर्मामीटरवर विश्वास ठेवा आणि दोन्हींतला फरक फिल्मच्या थर्मामीटरवर चिकटपट्टी लावून लिहून ठेवा. माझा १.५ अंश जास्त दाखवायचा. वर्षभर मी प्रत्येक रोल कमी धुतला आणि दोष कॅमेऱ्याला दिला.

उजेडाप्रमाणे पाणी

डायल्यूशनचा दुसरा उपयोग मला पहिल्याइतकाच मोलाचा वाटतो. वैशाखातल्या दुपारी पांढरी वाळू, चमकणारा समुद्र आणि होडीच्या सावलीत बसून जाळं विणणारा माणूस एकाच चौकटीत असतात. पातळ डेव्हलपर उजेडाच्या भागात लवकर थकतो, कारण तिथे त्याला जास्त काम असतं. सावलीच्या भागात तो काम करत राहतो. त्यामुळे वाळू जळत नाही आणि माणसाचा चेहराही येतो. अशा रोलला १+३ घ्यावं आणि टँक दर मिनिटाला न हलवता दर दोन मिनिटांनी हलवावा. सल्फाइटही पातळ झाल्यामुळे दाणा जरा ठळक येतो, पण कडा धारदार दिसतात.

आषाढात सगळं उलट. आकाश, समुद्र आणि सुवर्णदुर्गाचा तट एकाच राखाडी रंगात मिसळलेले. तिथे १+३ केलं तर निगेटिव्ह मलूल येते. पावसाळ्यातल्या रोलला १+१ घ्या आणि वेळ दहा-पंधरा टक्के वाढवा. म्हणूनच एका रोलवर अर्धा मे आणि अर्धा जुलै काढू नये. रोल उरला तरी पाऊस सुरू व्हायच्या आत धुवून घ्यावा.

रीळ भरणे

सगळ्यात जास्त रोल इथेच फसतात, आणि दोष घामाचा असतो. चेंज बॅगमध्ये (फिल्म रिळावर चढवायच्या उजेडबंद पिशवीत) हात घातले की पाच मिनिटांत आत वाफ धरते, फिल्म चिकट होते आणि प्लास्टिकच्या रिळात अर्ध्यावर अडते. जोर केला तर वाकते, आणि त्या जागी निगेटिव्हवर चंद्रकोरीसारखा काळा डाग येतो.

जुनं घर असेल तर बाळंतिणीची खोली वापरा. बिनखिडकीची आणि माजघराच्या पोटातली ती खोली रात्री दिवे मालवले की पुरती काळी होते. आत दहा मिनिटं बसा, डोळे सरावल्यावरही हात दिसत नसेल तर खोली योग्य. कौलांतून चांदणं येतं का तेही पाहा, आमच्याकडे पौर्णिमेला येतं. मोबाइल बाहेर ठेवा. मी पहाटे चारच्या सुमारास भरते, तेव्हा हातांना घाम सर्वांत कमी असतो.

रीळ आदल्या दिवशी उन्हात ठणठणीत वाळवा. ओल्या रिळात फिल्म चढतच नाही. फिल्म फ्रीजमधून काढली असेल तर डबी बंद ठेवूनच तीन-चार तास बाहेर राहू द्या, नाहीतर तिच्यावर दव धरतं. रीळ भरायचा सराव खराब झालेल्या रोलवर आधी उजेडात, मग डोळे मिटून, निदान दहा वेळा करा.

प्रत्यक्ष धुणं

आता २६ अंश, १+३, ६०० मिलिलिटर, असा एक रोल धरून चालू.

न्हाणीघरात मोठं घमेलं ठेवा आणि त्यात २६ अंशांचं पाणी भरा. डेव्हलपर, स्टॉप बाथ (डेव्हलपरचं काम थांबवणारं आंबट पाणी), फिक्सर (चित्र पक्कं करणारं द्रावण), धुण्याच्या पाण्याच्या बाटल्या आणि भरलेला टँक, सगळं त्या घमेल्यात अर्धा तास बसू द्या. ही अर्ध्या तासाची बैठक चुकवू नका. खोलीत ३१ अंश असतील तर टँक आणि रीळही ३१वर असतात आणि आत ओतलेला डेव्हलपर लगेच अंशभर वर चढतो. एका बाथमधून दुसऱ्यात जाताना तापमान एकदम बदललं तर जिलेटिन आक्रसतं आणि चित्रभर भेगांची जाळी उठते. ती पुन्हा जात नाही.

आधी त्याच तापमानाचं साधं पाणी मिनिटभर टँकमध्ये घाला आणि ओतून द्या. इल्फर्डच्या मते याची गरज नाही. मी ते करते, कारण त्याने टँकच्या आतलं तापमान जागेवर येतं. ओतलेलं पाणी काही फिल्मचं जांभळट-हिरवट येतं, तो फिल्मच्या पाठीचा रंग असतो, घाबरू नका.

डेव्हलपर ओता आणि घड्याळ सुरू करा. पहिल्या दहा सेकंदांत टँक चार वेळा उलटा-सुलटा करा, प्रत्येक वेळी थोडा फिरवून, म्हणजे प्रवाह एकाच वाटेने जाणार नाही. मग टँक घमेल्याच्या काठावर दोनदा हलकेच आपटा. फिल्मला चिकटलेले बुडबुडे सुटतात. राहिले तर प्रिंटवर गोल गडद ठिपके येतात. त्यानंतर दर मिनिटाच्या सुरुवातीला दहा सेकंदांत चार वेळा उलटा-सुलटा. कडक उन्हाच्या रोलला दर दोन मिनिटांनी. मधल्या वेळात टँक घमेल्यातच राहील. जोराने हिंदकळवू नका, तसं केलं की भोकांच्या बाजूने पट्टे येतात.

अर्ध्या वेळेला घमेल्यातलं तापमान पाहा. सुरुवातीला २५.५ आणि शेवटी २६.५ असेल तर सरासरी २६ धरून चला. ११ मिनिटांना ओतायला सुरुवात करा, म्हणजे सव्वाअकराला टँक रिकामा.

स्टॉप बाथ म्हणून एक भाग पांढरं व्हिनेगर आणि तीन भाग पाणी पुरतं. रंगीत व्हिनेगर नको. अर्धं मिनिट हलवा आणि ओता.

फिक्सर रॅपिड असेल तर १+४, तीन ते पाच मिनिटं. खात्रीसाठी फिल्मच्या सुरुवातीचा कापलेला तुकडा उजेडात फिक्सरमध्ये टाका. तो दुधाळपणा जाऊन पारदर्शक व्हायला जेवढा वेळ लागला त्याच्या दुप्पट वेळ रोलला द्या. साधा हायपो (सोडियम थायोसल्फेटचे खडे) वापरणार असाल तर लिटरला २५० ग्रॅम घ्या आणि तो आदल्या रात्रीच विरघळवा. हायपोचे खडे विरघळताना पाणी गार करतात, बाटलीला बाहेरून हात लावला तरी कळतं. ताजा कालवलेला हायपो तसाच ओतला तर २६वरून एकदम विशीच्या खाली, आणि वर सांगितलेली भेगांची जाळी इथेच उठते.

मे महिन्यात विहिरीचा तळ दिसत असताना फिल्मवर अर्धा तास नळ सोडून ठेवणं मनाला पटत नाही, आणि गरजही नाही. टँक पाण्याने भरा, पाच वेळा उलटा-सुलटा करून ओता. पुन्हा भरा, दहा वेळा. पुन्हा भरा, वीस वेळा. इल्फर्डने सांगितलेली ही पद्धत फिल्मचा थर कडक न करणाऱ्या रॅपिड फिक्सरसाठी आहे. साध्या हायपोनंतर मी आणखी दोन पाणी देते. शेवटी डिस्टिल्ड पाण्यात वेटिंग एजंटचे (पाणी डाग न ठेवता ओघळावं म्हणून घालायच्या द्रव्याचे) थोडे थेंब घालून मिनिटभर. इल्फोटॉल लिटरला पाच मिलिलिटर पुरतं. जास्त घातलं तर डाग त्याचेच पडतात.

वाळवणं, आणि उरलेलं पाणी

समुद्राकडची खिडकी बंद करा. खारा वारा ओल्या जिलेटिनवर बसला की तो पुसता येत नाही. चुलीचा धूर पोचणार नाही अशा खोलीत दोरीला चिमट्याने टांगा, खाली दुसरा चिमटा वजनाला. उन्हाळ्यात दोन-तीन तास लागतात, पावसाळ्यात रात्रभर. पंखा नको, त्याने धूळ उडते. गरम असताना जिलेटिन मऊ असतं, तेव्हा बोटांनी किंवा पुसणीने पाणी निपटू नका.

आपल्याकडे न्हाणीचं पाणी माडा-पोफळीच्या आळ्यात जातं, म्हणून फिक्सर न्हाणीत ओतायचा नाही. वापरलेल्या फिक्सरमध्ये चांदी असते, ती माती आणि विहीर दोन्हींना नको. तो झाकणाच्या कॅनमध्ये साठवा. एक्स-रेच्या जुन्या फिक्सरमधून चांदी काढणारे लोक असतात, तालुक्याच्या एक्स-रे सेंटरमध्ये चौकशी केली तर पत्ता लागतो. डेव्हलपरही मी आळ्यात सोडत नाही, वेगळ्या कॅनमध्ये ठेवते.

सुकलेली फिल्म सहा-सहा चौकटींचे तुकडे करून प्लास्टिकच्या पाकिटांत घाला आणि घट्ट झाकणाच्या डब्यात सिलिका जेलसोबत ठेवा. डब्यावर तारीख, तापमान, डायल्यूशन, वेळ लिहा. सिलिका जेलचा रंग बदलला की ते स्वयंपाकाला न लागणाऱ्या जुन्या तव्यावर मंद आचेवर परतून कोरडं करा. पावसाळ्याच्या चार महिन्यांत मला हे तीनदा करावं लागतं. दसऱ्याच्या सुमाराला हवा सुकली की सगळी पाकिटं बाहेर काढून एकेक पट्टी तिरपी धरून उजेडात पाहा. बुरशी प्रथम पट्टीच्या कडेला, कोळ्याच्या जाळ्यासारख्या बारीक धाग्यांनी दिसते. तेवढ्यात सापडली तर ती पट्टी बाकीच्यांपासून वेगळी काढा आणि त्याच दिवशी स्कॅन करून घ्या.